वहिनींना विचारलंत का?

प्रश्न : आम्ही नाशिकला सिडकोत पवननगरला राहतो. मी अंबडच्या एका कंपनीत आहे, घरापासून चार किलोमीटर, बाइकने जातो. पत्नी नाशिकरोडच्या शाळेत शिक्षिका आहे. दोन बस बदलून जाते, उशीर झाला तर रिक्षा. आता पहिली गाडी घेतोय, बजेट ऑन रोड साडेसात-आठ लाख. पत्नीने सहा वर्षांपूर्वी क्लास लावून लायसन्स काढलं होतं. नंतर एकदा मेहुण्याची गाडी चालवताना द्वारकेच्या सिग्नलला तीनदा बंद पडली, मागून हॉर्नचा गोंधळ झाला आणि तेव्हापासून तिने स्टिअरिंगला हात लावलेला नाही. मला ऑटोमॅटिक घ्यावीशी वाटते. मेहुणा म्हणतो, ऑटोमॅटिक म्हणजे खेळणं, सीएनजी मॅन्युअल घ्या. वडील म्हणतात, घाटात दगा देईल. आमचं गाव कळवणकडे, वर्षाला आठ-दहा चकरा होतात, मुंबईला दोन-तीन. काय घ्यावं?
– एक वाचक, सिडको

भाऊ, तुमचं पत्र दोनदा वाचलं. त्यात तुमचं मत आहे, मेहुण्यांचं आहे, वडिलांचंही आहे. वहिनींचं मात्र एक वाक्य नाही. आणि सगळा गुंता तर तिथेच आहे. तुम्ही उद्याही बाइकनेच जाणार, चार किलोमीटरसाठी गाडी काढणार नाही. गावच्या चकरा आणि मुंबई मिळून वर्षाचे पंधरा-वीस दिवस होतात. उरलेले साडेतीनशे दिवस वहिनींनी गाडी चालवली तरच ती गाडी. नाहीतर दारात कव्हर घालून उभी केलेली आठ लाखांची वस्तू. सातपूरला चोवीस वर्षं गॅरेज चालवलं, अशा वस्तू पुष्कळ पाहिल्या. पाच वर्षांत अकरा हजार किलोमीटर, बॅटरी दोनदा बदललेली, आणि मालक विचारतो, 'एवढी कमी चालली तरी खर्च का येतो?'

म्हणून आधी उत्तर देतो, मग कारणं. वहिनींना गाडी चालवायची इच्छा असेल तर ऑटोमॅटिक घ्या. त्या 'मला नकोच' म्हणाल्या, किंवा 'मी गिअरचीच शिकेन' म्हणाल्या, तर मॅन्युअल घ्या आणि वाचलेल्या पैशांत त्यांना महिनाभर चांगला शिकवणारा माणूस लावून द्या. पण हे त्यांच्या तोंडून ऐका. 'तिला जमणार नाही' हे तुमचं वाक्य, त्यांचं नाही.

आता मेहुण्यांचं खेळणं. १९८४ साली कायनेटिक होंडा आली, तेव्हा चेतक तिरकी करून किक मारणारे आमचे काका लोक हेच म्हणायचे : बटणावर चालू होते, गिअर नाही, ही कसली स्कूटर, ही बायकांची. आज मुंबई नाक्याच्या सिग्नलला उभे राहून बघा. दहा दुचाकींत गिअर नसलेल्या किती, आणि त्यावर बसलेल्यांत मिशीवाले किती ते मोजा. मेहुण्यांच्या घरीही एखादी ॲक्टिव्हा असणारच. ती चालवताना त्यांचा पुरुषार्थ कमी होत नसेल, तर गाडीतही होणार नाही. हा विषय इथे संपला.

वडिलांचं म्हणणं मात्र हसण्यावारी नेऊ नका. त्यात अर्धं खरं आहे, आणि ते अर्धं समजून घ्यायचं तर तुमच्या बजेटात 'ऑटोमॅटिक' म्हणून नेमकं काय मिळतं ते बघावं लागेल.

आठ लाखांच्या आत नव्या गाडीत जे मिळतं ते बहुतेक एएमटी, म्हणजे ऑटोमेटेड मॅन्युअल ट्रान्समिशन. मारुती तिला एजीएस म्हणते. २०१४ साली सेलेरिओतून ती आपल्याकडे आली. त्याआधी छोट्या गाडीत ऑटोमॅटिक अगदीच तुरळक. ही स्वस्तात कशी बसली? तर कंपनीने नवा गिअरबॉक्स बनवलाच नाही. गिअरबॉक्स तोच, मॅन्युअलचा. क्लच प्लेट, प्रेशर प्लेट तीच. फक्त तुमच्या डाव्या पायाचं आणि डाव्या हाताचं काम एका यंत्राला दिलं, त्याला ॲक्च्युएटर म्हणतात, आणि कधी काय करायचं हे एक छोटा कॉम्प्युटर ठरवतो. थोडक्यात, तुमच्या गाडीत एक न दिसणारा ड्रायव्हर बसवलाय जो क्लच दाबतो, गिअर टाकतो, क्लच सोडतो. महागड्या गाड्यांतली ऑटोमॅटिक वेगळ्या तऱ्हेची, लोण्यासारखी जाते. ही तशी जात नाही. गिअर बदलताना ही क्षणभर ओढ सोडते आणि आतल्या माणसांच्या माना डोलतात. शोरूमवाला म्हणेल, 'सवय होते सर.' होते, पण एक युक्ती वहिनींना आधीच सांगून ठेवा. इंजिनाचा आवाज चढला, आता गिअर पडेल असं वाटलं, की ॲक्सिलरेटर किंचित सैल करायचा. मॅन्युअलमध्ये आपण तेच करतो. मग झटका निम्मा होतो.

क्लच तोच आहे, हे वाक्य लक्षात ठेवा. एएमटीची बहुतेक दुखणी त्यातून येतात. चढावर उभं राहायचं असेल तेव्हा लोक ब्रेक सोडून ॲक्सिलरेटरवर गाडी तोलून धरतात. मॅन्युअलमध्ये त्याला आपण हाफ क्लच म्हणतो आणि शिकवणारा मास्तर त्यावर ओरडतो. एएमटीत ओरडायला कोणी नसतं. प्लेट आतल्या आत जळत राहते, वास येतो तेव्हा उशीर झालेला असतो. चढावर थांबलात की ब्रेक, जास्त वेळ असेल तर हॅण्डब्रेक. एवढं पाळलं तर क्लच मॅन्युअलइतकाच टिकतो, कधी जास्तही, कारण तो न दिसणारा ड्रायव्हर क्लचवर पाय ठेवून झोपत नाही. माझ्याकडे येणाऱ्या गाड्यांत पस्तीस-चाळीस हजारांत क्लच संपवलेले बहुतेक सगळे 'वीस वर्षांचा अनुभव' सांगणारे होते.

आता द्वारका. पवननगरहून नाशिकरोड म्हणजे मुंबई नाका, द्वारका, फेम, उपनगर, दत्तमंदिर, बिटको. सकाळच्या शाळेच्या वेळेला या रस्त्यावर डावा पाय किती वेळा दाबावा लागतो ते एकदा मोजा, मग गुडघ्याला विचारा. आणि वहिनी तिथे का अडकल्या होत्या? गाडी बंद पडते ती क्लच लवकर सुटल्याने. एकदा बंद पडली की मागचा हॉर्न, हॉर्नने घाई, घाईने पुन्हा क्लच सुटतो. तीनदा बंद पडली यात त्यांचा दोष फार तर पहिल्या वेळेचा. उरलेल्या दोन वेळा मागच्यांच्या आणि, राग मानू नका, बाजूला बसून 'क्लच, क्लच' ओरडणाऱ्याच्या. एएमटीत हा प्रकारच नाही. ब्रेक सोडला की गाडी हळूच पुढे सरकते. २०२७ चा सिंहस्थ तोंडावर आहे, तेव्हा द्वारकेला काय होईल ते वेगळं सांगायला नको.

त्या हळूच सरकण्याचाही एक धोका आहे, आणि तो मला क्लचपेक्षा मोठा वाटतो. नवा माणूस पार्किंगमध्ये गाडी लावताना ब्रेकऐवजी ॲक्सिलरेटर दाबतो आणि समोरची भिंत गाठतो. मॅन्युअलमध्ये अशा वेळी घाबरून क्लचही दाबला जातो, गाडी नुसती गुरगुरते. इथे ती सुटका नाही. म्हणून पहिल्या दिवसापासून सवय : उजवी टाच जमिनीला टेकलेली, पंजा ब्रेकवर, आणि हळू सरकायचं असेल तेव्हा ॲक्सिलरेटरला शिवायचंच नाही, नुसता ब्रेक कमी-जास्त. डावा पाय मागे दुमडून ठेवायचा. हे खरं तर तुमच्यासाठी जास्त आहे. गिअरच्या गाडीची सवय असलेला माणूस पहिल्या आठवड्यात क्लच शोधत डावा पाय खच्चून ब्रेकवर मारतो आणि मागच्याच्या छातीत धडकी भरते.

घाटाकडे येतो. वडील इथेच अडलेत.

कळवणला जाताना दिंडोरी, वणी, नांदुरी असंच जात असाल. रस्ता कुठे रुंद, कुठे अरुंद. पुढे कांद्याचा ट्रॅक्टर, समोरून एसटी. ओव्हरटेक करायचाय. मॅन्युअलमध्ये तुम्ही तिसरा टाकता आणि निघता. एएमटीत लिव्हर 'डी'मध्ये, म्हणजे गिअर यंत्रानेच ठरवायचा त्या जागी, ठेवून एकदम पाय दाबलात तर यंत्र आधी विचार करतं, मग गिअर उतरवतं, मग ओढतं. तो क्षण छोटा असतो, पण समोर एसटी असली की फार मोठा वाटतो. उपाय सोपा आहे आणि नव्वद टक्के मालक तो करत नाहीत. लिव्हरला 'एम' नावाची जागा असते. ओव्हरटेकच्या आधी लिव्हर 'एम'ला न्यायचा, एक गिअर खाली घ्यायचा, मग निघायचं. क्लच दाबायचा नाही, पण गिअर तुम्ही ठरवायचा. मेहुण्यांना सांगा, खेळण्यात हेही आहे.

सप्तशृंगगडावर चढताना तेच. नांदुरीपासूनच्या घाटात वळणावळणाला 'डी'मधली गाडी पहिल्या-दुसऱ्यात घुटमळते, ओढ तुटते, मागे बसलेल्या आजींना मळमळतं. 'एम'ला टाकून दुसऱ्यात धरून ठेवा, शांत चढते. (नवरात्रात आणि चैत्रोत्सवात खासगी गाड्या वर सोडत नाहीतच, नांदुरीला गाडी लावून एसटीने जायचं. तेवढे दिवस गिअरचा प्रश्न महामंडळाचा.)

उतरताना मात्र हेच चुकलं तर महागात पडतं. जुन्या ड्रायव्हर लोकांचा नियम तुमच्या वडिलांनाही पाठ असेल : ज्या गिअरने चढलास त्याच गिअरने उतर. कारण उतारावर खालचा गिअर असला की इंजिनच गाडी धरून ठेवतं, ब्रेकला आराम मिळतो. एएमटी 'डी'मध्ये ठेवून कसारा उतरलात आणि पाय ॲक्सिलरेटरवरून उचललात, तर यंत्राला वाटू शकतं की आता जोर नको, चला वरचा गिअर. गाडी मोकळी सुटते आणि सगळा भार ब्रेकवर येतो. ब्रेक तापतात, पेडल मऊ लागायला लागतं, आणि ते खाली दिसणाऱ्या दरीपेक्षा भीतीदायक असतं. म्हणून कसारा, नांदुरी, कुठलाही उतार असो : 'एम', दुसरा किंवा तिसरा. 'एन'ला, म्हणजे न्यूट्रलला टाकून पेट्रोल वाचवणाऱ्या शहाण्यांबद्दल मी लिहीत नाही, त्यांच्या गाड्या माझ्याकडे क्रेनने यायच्या. घाट टाळायचाच असेल तर ५ जून २०२५ ला समृद्धी महामार्गाचा इगतपुरी ते आमणे हा ७६ किलोमीटरचा शेवटचा टप्पा खुला झाला; जवळजवळ ८ किलोमीटरच्या बोगद्यातून कसाऱ्याला वळसा पडतो. तिथे गिअर कुठलाही असो, फरक नाही. टायरची हवा मात्र निघण्याआधी बघा.

तर वडिलांना एवढंच सांगा : घाटात गाडी दगा देत नाही, 'डी'वर विसंबणारा माणूस देतो. त्यांच्या म्हणण्यातलं उरलेलं खरं दुरुस्तीचं आहे, आणि तिथे मी त्यांच्या बाजूने आहे. मॅन्युअलचा क्लच गेला तर वणीचा कुठलाही मिस्त्री दिवसात बदलून देईल. एएमटीचा बदलल्यावर यंत्राला नव्या क्लचची ओळख स्कॅनर लावून करून द्यावी लागते, ते रस्त्याकडेच्या गॅरेजला जमेलच असं नाही. ॲक्च्युएटर गेला तर बिल पाच आकडी. बॅटरी उतरली तर धक्का मारून चालू करता येत नाही. म्हणून शोरूममध्ये ज्या दहा गोष्टी गळ्यात मारतात, सीट कव्हर, परफ्यूम, चाळीस रुपयांच्या मॅटचे चार हजार, त्या सगळ्या नाकारा आणि एकाच गोष्टीला हो म्हणा : वाढीव वॉरंटी. त्यात ॲक्च्युएटर आणि त्याचा कॉम्प्युटर येतो का, हे कागदावर वाचून घ्या, सेल्समनच्या तोंडावर नाही.

पैशाचं बघू. एकाच मॉडेलच्या त्याच व्हेरिअंटमध्ये मॅन्युअल आणि एएमटीत साधारण ४५ ते ६० हजारांचा फरक असतो. पेट्रोल गाडीला महाराष्ट्रात दहा लाखांपर्यंत ११ टक्के रस्ता कर लागतो, तो या फरकावरही लागतो, म्हणजे ५० चे साडेपंचावन्न धरा. २२ सप्टेंबर २०२५ पासून छोट्या गाड्यांचा जीएसटी २८ वरून १८ टक्क्यांवर आलाय, तेव्हा मेहुण्यांनी तीन वर्षांपूर्वी ऐकलेले भाव डोक्यातून काढा. ॲव्हरेजची भीती जुनी आहे. कागदावर एक लिटर इंजिनाच्या वॅगन आरमध्ये मॅन्युअलचं लिटरला २४.३५ किलोमीटर आणि एजीएसचं २५.१९, म्हणजे ऑटोमॅटिकचं जास्तच. द्वारकेत दोन्हीचं त्याहून बरंच कमी येईल, पण जवळपास सारखंच येईल.

सीएनजीचं एका परिच्छेदात उरकतो. वहिनींच्या जाण्या-येण्याचे महिन्याला साधारण साडेपाचशे किलोमीटर होतील. एवढ्यात गॅसने फार तर हजारभर रुपये वाचतील. सीएनजीचे नव्वद हजार ते लाखभर आधी मोजायचे, डिकीतली जागा घालवायची आणि पंपावर रांग लावायची, हे आठ वर्षांनी फिटायला. रोज साठ-सत्तर किलोमीटर पळणाऱ्याचा तो सौदा आहे, तुमचा नाही. तरी हट्टच असेल तर टाटा टियागोत २०२४ पासून सीएनजीबरोबर एएमटी मिळते.

लायसन्सचं कोणीतरी घाबरवेल म्हणून सांगून ठेवतो. आपल्याकडे गाडीचं लायसन्स एलएमव्हीचं, म्हणजे हलक्या मोटार वाहनाचं, गिअरची असो वा ऑटोमॅटिक. वहिनींकडचं चालतं, फक्त मुदत बघा.

व्हेरिअंट निवडताना मोठ्या स्क्रीनला भुलू नका. चढावर ब्रेक सोडल्यावर गाडीला क्षणभर मागे न सरकू देणारी सोय, म्हणजे हिल होल्ड, आहे का ते विचारा. छोट्या एएमटी गाड्यांत सगळीकडे ती नसते, आणि पहिल्यांदा चालवणाऱ्याला सगळ्यात जास्त आधार तीच देते. स्वस्तातल्या पुष्कळ एएमटीत 'पी'ची, म्हणजे पार्किंगची जागाही नसते. गाडी उभी करताना हॅण्डब्रेक पूर्ण ओढायचाच, आणि लिव्हर कुठे ठेवायचा ते गाडीच्या पुस्तिकेत वाचा. पुस्तिका डॅशबोर्डमध्ये प्लास्टिकसकट ठेवायची वस्तू नव्हे.

शेवटचं काम टेस्ट ड्राइव्ह. शोरूमवाला तुम्हाला सपाट, मोकळ्या रस्त्याने नेईल आणि दहा मिनिटांत परत आणेल. ऐकू नका. वेळ संध्याकाळी सातची मागा. मुंबई नाक्याच्या गर्दीतून काढा, इंदिरानगरच्या बोगद्याकडून न्या, मग एखाद्या मॉलच्या तळघरातल्या पार्किंगमध्ये उतरवून परत चढवा, चढावर मध्येच थांबवा, रिव्हर्सही घ्या. तिथे माना किती डोलतात, गाडी मागे किती सरकते, ते कळेल. त्याच दिवशी तीच गाडी मॅन्युअलमध्येही मागा आणि तोच रस्ता पुन्हा. दोन्ही वेळा चावी वहिनींच्या हातात. तुम्ही मागच्या सीटवर बसा. पुढे बसलात तर तुमचा उजवा पाय नसलेला ब्रेक दाबत राहील आणि त्यांना ते दिसेल. घरी येईपर्यंत काही विचारू नका. चहा झाल्यावर विचारा, कुठली.

आणि मेहुण्यांना त्या दिवशी बोलावू नका.